चौकातल्या फळ्यावर दिनविशेष कसा लिहावा

आधी फळा मोजा. आमच्या मंडळाचा फळा चार फूट रुंद आणि तीन फूट उंच आहे. वरची पट्टी मंडळाच्या नावात जाते. खालच्या पट्टीवर 'येथे वाहने लावू नयेत' असं रंगवलंय आणि तिच्याखाली कायम दोन स्कूटर उभ्या असतात. मधल्या जागेत दोन इंची अक्षरांच्या सात ओळी बसतात. जास्त बसवायला जाऊ नका. मराठीला वर मात्रा-वेलांट्या आणि खाली उकार लागतात, ते वरच्या-खालच्या ओळीत घुसतात. सातातली एक ओळ तारीख-वाराची, उरल्या सहा. एक घटना नीट सांगायला दोन ओळी लागतात, म्हणजे रोज तीन घटना.

तीन म्हणजे कमी वाटतील. सकाळी मोबाइलवर जे दिनविशेष येऊन पडतात त्यांत चाळीस-चाळीस नोंदी असतात. कुठल्या देशाचा ध्वजदिन, कुठल्या नटाचा वाढदिवस, मधेच एखादं महायुद्ध. ते वाचून कोणाच्याही काही लक्षात राहत नाही आणि लिहिणाऱ्याने ते तपासलेलंही नसतं. तीनच घ्यायच्या म्हटलं की निवडावं लागतं, आणि निवडलेल्याची शहानिशा करायला वेळ उरतो.

मी सदाशिव पेठेत औषधांच्या घाऊक दुकानात हिशेब लिहिते, आणि दुकान उघडण्याआधी शनिपाराच्या मागच्या गल्लीतला हा फळा लिहिते. आमच्याकडे व्हाउचर नसेल तर खर्च खात्यात पडत नाही. दिनविशेषाच्या ओळीलाही मी तोच नियम लावते. पुण्यात तर तो लावावाच लागतो, कारण दुधाच्या पिशव्या घेऊन परतणारे एक-दोघे रोज थांबून फळा वाचतात आणि "हे बरोबर नाही हं" म्हणण्याची संधी ते सोडत नाहीत.

सराव करायचा तर सोप्या तारखेने सुरुवात करा. पुण्यासाठी माझ्या मते सगळ्यात चांगली तारीख १ जून. १ जून १९२९ला कोल्हापुरात प्रभात फिल्म कंपनी स्थापन झाली. १ जून १९३०ला मुंबई-पुणे डेक्कन क्वीन सुरू झाली. १ जून १९४८ला पुणे-अहमदनगर मार्गावर एसटीची पहिली बस धावली. सिनेमा, आगगाडी, लाल डबा. तिन्ही गोष्टी रस्त्याने जाणाऱ्या कोणालाही ठाऊक असलेल्या, पण त्या एकाच तारखेच्या आहेत हे बहुतेकांना ठाऊक नसतं. दिनविशेषाची मजा इथेच आहे. माहीत असलेल्या दोन गोष्टी शेजारी येऊन बसल्या की माणूस थांबतो. अजिबात माहीत नसलेली गोष्ट लिहिलीत तर तो पुढे चालू लागतो.

आता याच्या ओळी कशा पाडायच्या ते बघा. पहिल्या झटक्यात हात असं लिहू पाहतो: 'महाराष्ट्र राज्य परिवहन महामंडळाची स्थापना'. यात दोन घोटाळे आहेत. १९४८मध्ये महाराष्ट्र राज्यच नव्हतं, ते १९६०ला झालं; तेव्हा होता मुंबई प्रांत. आणि 'स्थापना' हा शब्द कागदपत्रांचा आहे, त्या दिवशी खरोखर झालं ते एवढंच की बस सुटली. म्हणून: 'एसटीची पहिली बस धावली, पुणे ते अहमदनगर मार्गावर'. आता त्या शहराचं नाव अहिल्यानगर झालंय, त्यावरून चौकात काथ्याकूट होऊ शकतो. माझा नियम साधा आहे: घटनेच्या दिवशी गावाचं जे नाव होतं ते लिहायचं.

प्रभातच्या ओळीत 'कोल्हापूर' आलंच पाहिजे, नाहीतर पुणेकर ती कंपनी इथलीच समजून खूश होतात. पण दुसऱ्या ओळीत 'पुढे १९३३मध्ये पुण्यात' एवढं बसतं, आणि ते बसवा. त्या स्टुडिओच्याच जागेवर आज फिल्म इन्स्टिट्यूट आहे. डेक्कन क्वीनच्या ओळीत थोडा रंग भरता येतो. सुरुवातीला सात-सात डब्यांचे दोन संच होते, एक रुपेरी रंगाचा आणि त्याला लाल नक्षी, दुसरा गडद निळा आणि त्यावर सोनेरी रेघा. 'पहिली रुपेरी, दुसरी निळी' असं लिहून मी शेजारी त्या रंगांच्या खडूंनी दोन डबे काढते. लहान मुलं तेवढंच बघतात, पण बघतात.

जाता जाता: १ जून ही आपल्याकडच्या निम्म्या ज्येष्ठांचीही जन्मतारीख असते, कारण शाळेत नाव घालताना गुरुजींनी तीच टाकलेली असते. कोणा थोर माणसाचा जन्म १ जूनचा दिसला की मी दुसरीकडे बघितल्याशिवाय फळ्यावर घेत नाही.

दुसरा सराव क्रियापदाचा. तारखांचे निम्मे वाद आकड्याचे नसतात, क्रियापदाचे असतात. २२ जून १८९७ घ्या. 'चापेकर बंधूंनी रँडचा वध केला' असं सर्रास लिहितात. रँड म्हणजे पुण्याचा इंग्रज प्लेग अधिकारी. त्या रात्री व्हिक्टोरिया राणीच्या राज्यारोहणाच्या हीरकमहोत्सवाचा समारंभ आटोपून गणेशखिंडीतून परतताना रँडवर गोळी झाडली गेली, हे खरं. पण तो मेला ३ जुलैला. जागीच ठार झाला तो मागच्या गाडीतला आयर्स्ट. म्हणजे २२ जूनला 'गोळ्या झाडल्या' लिहा, आणि ३ जुलैला जागा असली तर 'रँडचा मृत्यू'. एक शब्द बदलला की दोन्ही तारखा खऱ्या होतात.

तसंच १७ नोव्हेंबर १८१७. या दिवशी शनिवारवाड्यावर इंग्रजांचं निशाण चढलं. पण 'पेशवाई बुडाली' असं लिहिलंत की कोणीतरी विचारणार, मग दुसरा बाजीराव ३ जून १८१८पर्यंत काय करत होता? तो पुढचे कित्येक महिने पळत होता आणि ३ जूनला इंग्रज अधिकारी माल्कमच्या स्वाधीन झाला. तेव्हा निशाण चढलं, एवढंच लिहावं. खडकीची लढाई त्याआधी, ५ नोव्हेंबरला. ही तारीख नोंदवून ठेवा, तिचं काम पुढे आहे.

मला स्वतःला सगळ्यात जास्त विचार करायला लावणारी तारीख २४ सप्टेंबर. १८७३मध्ये या दिवशी जोतीराव फुल्यांनी पुण्यात सत्यशोधक समाज स्थापन केला. १९३२मध्ये याच दिवशी येरवड्याच्या तुरुंगात पुणे करारावर सह्या झाल्या. मधे एकोणसाठ वर्षं, शहर एक, आणि प्रश्नही बऱ्याच अंशी एकच. कोणीही मुद्दाम जुळवून आणलेलं नाही, तारखेने आणून ठेवलंय. त्याशिवाय १८६१ला मुंबईत मादाम कामांचा जन्म, १९६९ला राष्ट्रीय सेवा योजना, २००७ला जोहान्सबर्गमध्ये पाकिस्तानला पाच धावांनी हरवून जिंकलेला पहिला ट्वेंटी-ट्वेंटी विश्वचषक, २०१४ला मंगळयान मंगळाच्या कक्षेत. आणि ओळी सहाच.

मी हे असं सोडवते. पहिली दोन पुण्याची, ती हलवायची नाहीत. तिसरी जागा फिरती. एका वर्षी मंगळयान, एका वर्षी मादाम कामा, आणि मंडळाच्या पोरांनी फारच लकडा लावला तर धोनीचा संघ. कोणत्या वर्षी काय लिहिलं ते आठवावं लागू नये म्हणून एक जाड वही ठेवा, प्रत्येक तारखेला एक पान, २९ फेब्रुवारी धरून तीनशे सहासष्ट. लिहिलेल्या ओळीपुढे साल टाकायचं आणि ती माहिती कुठून घेतली तेही. कोणी बोट ठेवलं की वही पुढे करता येते. मंगळयानाच्या पानावर मी आणखी एक बाण काढून ठेवलाय: ते सुटलं ५ नोव्हेंबर २०१३ला. म्हणजे खडकीच्या लढाईच्या तारखेला. त्या दिवशीचा फळा आपोआप तयार.

पुणे कराराच्या ओळीवर थोडं थांबू या, कारण इथे बऱ्याच जणांचा हात घसरतो. 'गांधी-आंबेडकर करार' लिहिणं सोपं आहे, पण त्या कागदावर गांधीजींची सही नाही. सवर्ण हिंदूंच्या वतीने मदनमोहन मालवीयांनी सही केली, दलितांच्या वतीने डॉ. आंबेडकरांनी. गांधीजींचं उपोषण २० सप्टेंबरला सुरू झालं आणि सुटलं २६ला, २४ला नाही. आणि करारात काय ठरलं ते एका ओळीत सांगायचं तर आकडा सांगा: ब्रिटिश सरकारच्या जातीय निवाड्यात दलितांना ७१ राखीव जागा होत्या, करारात त्या १४८ झाल्या, पण त्यांचे स्वतंत्र मतदारसंघ गेले. हे 'पण' गाळलंत तर ओळ खोटी नाही होत, लंगडी होते. मी लिहिते: 'येरवडा तुरुंगात पुणे करारावर सह्या, राखीव जागा १४८, मतदारसंघ संयुक्त.' दोन ओळींत बरोबर बसतं.

फुल्यांच्या ओळीत 'महात्मा' लिहायचं की नाही, यावर आमच्याकडे दोन मतं आहेत. ही पदवी त्यांना मुंबईत मिळाली ती ११ मे १८८८ला. १८७३च्या घटनेत मी 'जोतीराव फुले' लिहिते आणि ११ मेच्या पानावर पदवीची नोंद. यात त्यांचा मान कमी होतो असं मला वाटत नाही. उलट वाचणाऱ्याला दिसतं की माणसाने आधी काम केलं आणि पदवी पंधरा वर्षांनी आली.

१ जानेवारीही अशीच भरलेली तारीख आहे: १८१८ची कोरेगाव भीमाची लढाई, १८४८ची भिडेवाड्यातली मुलींची शाळा, १९३२चा 'सकाळ'चा पहिला अंक. तिघांनी सहा ओळी भरतात, तिथे डोकं चालवावं लागत नाही.

आता कठीण भाग. १७५२च्या आधीची तारीख दिसली की हात आखडता घ्या. युरोपात तेव्हा दोन कॅलेंडरं चालू होती. जुनं जुलियन सूर्याच्या मागे पडत चाललं होतं म्हणून पोप तेराव्या ग्रेगरीने १५८२ला ते सुधारलं. ४ ऑक्टोबरच्या दुसऱ्या दिवशी थेट १५ ऑक्टोबर. स्पेन-पोर्तुगालने ते लगेच घेतलं. इंग्लंड प्रॉटेस्टंट, त्यांनी नाक मुरडलं आणि १७५२ उजाडेपर्यंत थांबले. मग २ सप्टेंबरच्या दुसऱ्या दिवशी १४ सप्टेंबर केली. याचा आपल्याशी संबंध असा की शिवकाळात गोव्याच्या पोर्तुगीज पत्रातली तारीख आणि सुरतेच्या इंग्रज वखारीच्या पत्रातली तारीख यांत दहा दिवसांचा फरक पडतो, दिवस मात्र एकच. २३ एप्रिलच्या पुस्तक दिनाला 'शेक्सपिअर आणि सर्व्हान्टिस एकाच दिवशी गेले' असं जे लिहितात तेही याच खड्ड्यात पडतात. साल १६१६ दोघांचंही, पण इंग्लंडच्या शेक्सपिअरची तारीख जुन्या कॅलेंडरची, स्पेनच्या सर्व्हान्टिसची नव्या. एकाच आकड्याच्या तारखेत दहा दिवसांचं अंतर आहे.

यातून वाट काढायची ती वार धरून. कॅलेंडरं बदलली, तारखा उडाल्या, पण आठवड्याची साखळी कोणी तोडली नाही. इंग्लंडमध्ये २ सप्टेंबर बुधवार होता आणि दुसऱ्या दिवशीचा १४ सप्टेंबर गुरुवारच. जेधे शकावलीत, म्हणजे जेधे घराण्याच्या जुन्या सालवार नोंदींत, शिवाजी महाराजांच्या जन्माची नोंद आहे ती शके १५५१, फाल्गुन वद्य तृतीया, शुक्रवार. आता आजचंच कॅलेंडर सरळ मागे नेत १९ फेब्रुवारी १६३० काढलीत तर मंगळवार येतो. लोक घाबरतात, तारीख चुकली म्हणतात. चुकलेली नाही, १९ फेब्रुवारी ही जुलियन तारीख आहे. आजच्या कॅलेंडरने तो दिवस १ मार्च १६३० येतो, आणि त्या दिवशी शुक्रवार आहे. राज्याभिषेकाचं तेच. ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशी, शके १५९६, शनिवार. जुलियन ६ जून १६७४, आपल्या हिशेबाने १६ जून, आणि तो शनिवारच.

मग फळ्यावर १९ फेब्रुवारी आणि ६ जून लिहू नये का? लिहावं. सरकारने शिवजयंतीला १९ फेब्रुवारी मानली आहे, सुट्टी त्या दिवशी असते, मिरवणूक त्या दिवशी निघते. फळा हा चौकासाठी आहे, प्रबंधासाठी नाही. फक्त दुसऱ्या ओळीत तिथी आणि शक द्या. तिथीने साजरं करणारेही आपल्या गल्लीत असतात आणि त्यांनाही आपला दिवस सापडतो.

शकाचा इसवी सन करायला फार गणित लागत नाही. गुढीपाडव्यापासून डिसेंबरअखेरपर्यंत अठ्ठ्याहत्तर मिळवा, जानेवारीपासून फाल्गुन संपेपर्यंत एकोणऐंशी. ज्येष्ठ १५९६ अधिक ७८ म्हणजे १६७४. फाल्गुन १५५१ अधिक ७९ म्हणजे १६३०. हे विसरून फाल्गुनाला अठ्ठ्याहत्तर मिळवल्याने एक वर्षाने चुकलेल्या नोंदी पुष्कळ फिरतात. पेशव्यांच्या कागदांत अजून एक सन भेटेल, सुहूर सन, अरबी आकड्यांत लिहिलेला आणि मृग नक्षत्राला सुरू होणारा. 'इहिदे सितैन मया व अलफ' असं दिसलं की घाबरू नका: एक, साठ, शंभर, हजार, म्हणजे ११६१. त्यात मृगापासून डिसेंबरपर्यंत ५९९ आणि जानेवारीनंतर ६०० मिळवायचे. ११६१ अधिक ६००, जानेवारी १७६१, पानिपत. तिथीवरून नेमकी तारीख काढायला मात्र जंत्रीच हवी, म्हणजे तिथी आणि तारखा शेजारी शेजारी दिलेलं कोष्टक. ती भारत इतिहास संशोधक मंडळात किंवा जुन्या ग्रंथालयात बघायला मिळते, आणि मंडळ सदाशिव पेठेतच असल्याने आमच्यासारख्यांना सबब उरत नाही.

पानिपतचं नाव निघालंच आहे तर संक्रांतीचंही सांगून टाकते. १४ जानेवारी १७६१, बुधवार, पौष शुद्ध अष्टमी. तारखेत वाद नाही. पण 'संक्रांतीच्याच दिवशी मराठ्यांवर संक्रांत आली' हे वाक्य फळ्यावर नको. संक्रांत इंग्रजी तारखेत हळूहळू पुढे सरकते, साधारण बहात्तर वर्षांत एक दिवस. पुरावा घरातलाच आहे: स्वामी विवेकानंद १२ जानेवारी १८६३ला जन्मले तेव्हा त्या दिवशी मकर संक्रांत होती. त्याच्याही शंभर वर्षं आधी ती आणखी मागे, म्हणजे लढाईच्या तीन-चार दिवस अगोदर होऊन गेलेली. हे मी सांगितलं तेव्हा आमच्याच मंडळाच्या खजिनदारांनी माझ्याशी दोन दिवस बोलणं टाकलं होतं. त्यांचं आवडतं वाक्य होतं ते.

कॅलेंडरनंतर घड्याळ. आपली तिथी सूर्योदयाची धरतात, इंग्रजी तारीख मध्यरात्री बदलते. त्यामुळे रात्रीच्या घटना दोन तारखांत सापडतात. शाहिस्तेखानावरचा छापा चैत्र शुद्ध अष्टमीच्या रात्रीचा, रामनवमीच्या आदल्या रात्रीचा, इंग्रजीत ५ एप्रिल १६६३. मध्यरात्र उलटली असेल तर ६ म्हणणाराही भेटतो. तिथे '५ एप्रिलच्या रात्री' असं लिहून मोकळं व्हायचं. लाल महाल आमच्या फळ्यापासून चालत जाण्याच्या अंतरावर आहे, तेव्हा ही ओळ मी कधी गाळत नाही.

परदेशी घटनांत तर घड्याळ सांभाळायलाच हवं. माणूस चंद्रावर उतरला तो २० जुलै १९६९ला, असं सगळीकडे आहे. अमेरिकेत २० जुलै होता. यान टेकलं तेव्हा पुण्यात २१ जुलैची पहाट होती, पावणेदोन वाजून गेलेले; आणि आर्मस्ट्राँगचं पाऊल पडलं तेव्हा सकाळचे साडेआठ होत आले होते, म्हणजे इथे मुलं शाळेच्या गडबडीत. मी २० तारखेलाच लिहिते, कारण जगाने ती तारीख मान्य केली आहे, पण दुसरी ओळ 'पुण्यात तेव्हा २१ची सकाळ' अशी असते.

जुन्या वर्तमानपत्रातून नोंद घेत असाल तर अंकाची तारीख आणि घटनेची तारीख वेगळ्या ठेवा. दैनिकात आजच्या अंकात कालची बातमी असते. साप्ताहिकात अजून मागे जावं लागतं. 'केसरी' सुरू झाला तो साप्ताहिक म्हणून, पहिला अंक ४ जानेवारी १८८१, मंगळवार. अशा अंकात 'गेल्या गुरुवारी' असं वाचलंत तर अंकाच्या मंगळवारापासून उलटे दिवस मोजा. एका दिवसाने घसरलेल्या तारखा बहुतेक इथूनच आलेल्या असतात, आणि मग सगळे एकमेकांची री ओढतात.

शेजाऱ्यापाजाऱ्यांच्या आठवणी वापरायच्या का? वापरा, पण कशासाठी ते ठरवून. १२ जुलै १९६१ घ्या. 'पानशेत फुटलं' म्हटलं की आमच्या भागातले ऐंशीच्या पुढचे सगळे सुरू होतात. वार विचारा, बुधवार पटकन सांगतील. पाणी कुठपर्यंत आलं होतं हे भिंतीवर हात ठेवून दाखवतील. किती वाजता धरण फुटलं हे प्रत्येक जण वेगळं सांगेल, कारण धरण फुटण्याचं नाही, पाणी आपल्या दारात येण्याचं घड्याळ त्यांच्या लक्षात आहे. तेव्हा वेळ छापील नोंदीतून घ्यायची आणि पाण्याची खूण त्यांच्याकडून. फळ्यावर मी एवढंच लिहिते: पानशेत आणि खडकवासला फुटले, पुण्यात पूर. आणि त्या दिवशी रंगीत खडू डब्यात ठेवते. वर एखाद्याचा वाढदिवस फुलांच्या नक्षीत आणि खाली पूर, असं दिसायला नको. तिसरी घटना नाही घेतली तर बिघडत नाही.

सुखदुःख एकाच दिवशी आलं तर काय, याचं सगळ्यात अवघड उदाहरण १ ऑगस्ट. १९२०मध्ये या एकाच दिवशी लोकमान्य टिळक मुंबईला सरदारगृहात वारले, वाटेगावला अण्णाभाऊ साठे जन्मले आणि असहकाराची चळवळ सुरू झाली. तारीखही एक, सालही एक. असं क्वचितच सापडतं. काही फळ्यांवर त्या दिवशी फक्त टिळक असतात, काहींवर फक्त अण्णाभाऊ. दोन चौक ओलांडले की फळा बदलतो. मला हे पटत नाही. सहा ओळी आहेत, तिघांना दोन-दोन, अक्षरं एकाच मापाची, खडू एकाच रंगाचा. साल प्रत्येक ओळीपुढे वेगळं न लिहिता वर एकदाच मोठं '१९२०' लिहा. बघणाऱ्याला जे कळायचं ते तेवढ्याने कळतं.

आता हाताच्या कामाचं. फळा ओल्या फडक्याने पुसा आणि पूर्ण वाळू द्या. डस्टरने पुसलेल्या फळ्यावर कालची अक्षरं भुतासारखी मागे दिसत राहतात. ओळी आखायला सुतळी खडूच्या पुडीत घोळवून दोन खिळ्यांना ताणायची आणि मधे टिचकी मारायची, बारीक सरळ रेघ उमटते. ती फिक्या निळ्या खडूची असली तर अक्षरांत हरवते. लिहायचा खडू थोडा वेळ पाण्यात बुडवून घ्या. ओल्या खडूने लिहिताना अक्षर पुसट दिसतं आणि आपण दाबून लिहायला लागतो, तसं करू नका. वाळलं की ते पांढरंशुभ्र उठतं आणि जाणाऱ्या-येणाऱ्याच्या बाहीला लागून पुसलं जात नाही. पावसाळ्यात मात्र कोरडाच खडू, कारण जुलैत वाळतच नाही. साल नेहमी डावीकडे, एकाखाली एक. लांबलचक नाव ओळीच्या शेवटी तुटू देऊ नका, त्यापेक्षा वाक्य फिरवा. 'यांच्या शुभहस्ते', 'थोर', 'सुप्रसिद्ध' हे शब्द सगळ्यात आधी काढा, अर्धी ओळ मोकळी होते.

काही तारखा रिकाम्याच निघतात. तिथे ओढूनताणून कुठल्याशा देशाचा पोस्ट दिन आणू नका. एकच घटना लिहा, मोठ्या अक्षरात. २९ फेब्रुवारीला माझ्या वहीत दोनच नावं आहेत, १८९६चे मोरारजी देसाई आणि १९०४च्या रुक्मिणीदेवी अरुंडेल, आणि ते पान चार वर्षांनी एकदा उघडतं, तेव्हा तिसरं शोधायला घाई नाही. उरलेल्या दोन ओळींत मी गुरुवारी पाणी येणार नाही, ते लिहून टाकते. सगळा चौक तेवढंच वाचतो.